ड्रमरला कोण सांगणार?

(पत्र लिहिणारीचं आणि तिच्या बँडचं नाव गाळलं आहे. ओळख पटेल असे एकदोन तपशीलही बदलले आहेत.)

पत्र थोडक्यात असं : मी २७ वर्षांची, राहते ठाण्यात, नौपाड्यात, नोकरी ऐरोलीला आयटीत. सहा वर्षांपासून चौघांच्या रॉक बँडमध्ये बास वाजवते. आम्ही मराठीत स्वतःची गाणी करतो. ड्रमर माझा शाळेपासूनचा मित्र. त्याच्या बाबांचं वागळे इस्टेटमध्ये लेथचं वर्कशॉप आहे. संध्याकाळी सातला ते बंद झालं की आठवड्यातून दोनदा त्याच गाळ्यात आमची प्रॅक्टिस असते, भाडं कधी दिलेलं नाही. दीड वर्षापूर्वी बाबांना पॅरालिसिसचा झटका आला, तेव्हापासून वर्कशॉप तोच बघतो. या उन्हाळ्यात आमच्या एका गाण्यावर (शब्द त्याचेच आहेत) खूप रील्स झाली. त्यावरून एका मॅनेजरचा फोन आला. तो मुंबईतल्या काही बँडचं बुकिंग बघतो. डिसेंबरमध्ये एका फेस्टिव्हलला स्लॉट मिळवून देतो म्हणाला, पण दोन अटी घातल्या. पुढचं गाणं हिंदीत करा आणि ड्रमर बदला, 'तो टाइट वाजवत नाही'. नवा ड्रमर मॅनेजरच देईल. गायक आणि लीड गिटारवाला दोघं तयार आहेत. मित्राला सांगायचं काम माझ्याकडे आलंय, 'तुझं तो ऐकेल' म्हणून. लय पळते हे खरं आहे. तीन आठवडे झाले, मी त्याच्याशी धड बोललेले नाही. ताई, मोठं व्हायचं तर हे करावंच लागतं का? आणि करायचंच असेल तर त्याला न दुखावता कसं सांगू?

---

प्रिय बासवाली,

(पत्राखाली नाव लिहून तू ते खोडलंयस, म्हणून हेच नाव.)

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देते. न दुखावता सांगता येणार नाही. तशी एखादी युक्ती मला माहीत असती तर ती मी आधी माझ्या घरात वापरली असती. पण कसं सांगायचं याच्या आधीचे दोन प्रश्न तू ओलांडून गेली आहेस. सांगायचं तूच का? आणि सांगण्यासारखं ठरलंय तरी का?

पहिला प्रश्न सोपा आहे. बँडमधल्या दोन मुलांनी निर्णय घेतला आणि निरोप पोचवायचं काम बँडमधल्या एकुलत्या एका मुलीकडे दिलं. 'तुझं तो ऐकेल.' हे वाक्य आपल्याकडच्या बायका पिढ्यान्‌पिढ्या ऐकत आल्या आहेत. सासऱ्यांना डॉक्टरकडे न्यायचंय, तू सांग. भाडेकरूला जागा सोडायला सांगायचीय, तू गोड बोलतेस. यात मुलांचा दुष्टपणा आहे असं मी म्हणत नाही, त्यांना अवघड वाटतंय इतकंच. पण निर्णय तिघांचा असेल तर त्या खोलीत तिघांनी असायला हवं. त्यांना स्पष्ट सांग, 'मी निरोप्या नाही. बोलायचं असेल तर सगळे बसून बोलू.' एवढ्यानेच त्या दोघांचा निर्णय किती पक्का आहे ते तुला कळेल. समोर बसून बोलायची वेळ आली की बरेच पक्के निर्णय पातळ होतात.

आता माझ्या भावाची गोष्ट. ऐंशीच्या दशकात गणेशोत्सवातले ऑर्केस्ट्रा जोरात होते. भाऊ त्यातल्या एका ग्रुपमध्ये काँगो-बाँगो वाजवायचा. सगळं सामान टेम्पोतून जायचं आणि टेम्पो आमच्या गल्लीच्या तोंडाशी थांबायचा. एका संध्याकाळी भाऊ इस्त्रीचा शर्ट घालून खाली गेला, तर टेम्पोत दुसऱ्याचे काँगो बांधलेले. कोणी काही बोललं नाही. ड्रायव्हरने फक्त विचारलं, 'तुम्ही पण येताय का?' भाऊ वर आला आणि शर्ट काढून घडी घालून ठेवला. काढून टाकल्याचं दुःख वर्षभरात गेलं. नवा वाजवणारा आपल्यापेक्षा चांगला होता, हेही त्याने पुढे कबूल केलं. पण टेम्पोतल्या आठही जणांना आधीपासून माहीत होतं, ते काही गेलं नाही. आज तो बासष्टचा आहे. मागच्या वर्षी त्या ग्रुपमधल्या एकाच्या मुलीचं लग्न होतं. आमंत्रण आलं होतं, पण हा गेला नाही.

तुझे तीन आठवडे म्हणजे तोच टेम्पो आहे, बासवाली. तुम्हा तिघांना माहीत आहे आणि त्याला नाही. तू अबोल्याला काळजी समजते आहेस. आणि तू धड बोलत नाहीस हे त्याच्या लक्षात आलं नसेल, असं समजू नकोस. शाळेपासूनचा मित्र आहे तो.

तुमच्या मॅनेजरने अजून बीटल्सची गोष्ट सांगितली नसेल तर सांगेलच. ड्रमर बदलला म्हणून बीटल्स झाले, अशी ती गोष्ट असते. ती पूर्ण माहीत असू दे. त्यांचा आधीचा ड्रमर पीट बेस्ट. त्याच्या आईने, मोना बेस्टने, लिव्हरपूलमधल्या आपल्या घराच्या तळघरात १९५९ साली कॉफी क्लब काढला होता आणि ही मुलं सुरुवातीला तिथे वाजवायची. (वागळे इस्टेटचा गाळा आठवला ना?) जून १९६२ मध्ये निर्माता जॉर्ज मार्टिनला पीटचं वाजवणं रेकॉर्डिंगसाठी पुरेसं वाटलं नाही. स्टुडिओत बाहेरचा ड्रमर घेऊ, इतकंच त्याचं म्हणणं होतं. बँडमधून काढा असं तो म्हणाला नव्हता. ते बाकी तिघांनी ठरवलं आणि १६ ऑगस्ट १९६२ रोजी सांगायला पुढे केलं मॅनेजर ब्रायन एप्स्टाइनला. तिघांपैकी एकही तिथे नव्हता. पुढचा भाग मात्र कोणी सांगत नाही. नवा ड्रमर रिंगो स्टार आला, तर सप्टेंबरमध्ये पहिल्या सिंगलच्या एका रेकॉर्डिंगला मार्टिनने त्याच्याही जागी अँडी व्हाइट नावाचा स्टुडिओ ड्रमर बसवला आणि रिंगोच्या हातात खंजिरी दिली. रिंगो बँडमध्ये राहिलाच. म्हणजे स्टुडिओत कोण वाजवणार आणि बँडमध्ये कोण राहणार, हे दोन प्रश्न तेव्हाही वेगळे होते. तुमच्या मॅनेजरने ते एकत्र बांधून दिले आणि तुम्ही तसेच उचलले.

आता सांगण्यासारखं ठरलंय का, त्याकडे येऊ. 'लय पळते हे खरं आहे' असं तू लिहितेस. मान्य. पण तू बास वाजवतेस. रॉकमध्ये लय एकट्या ड्रमरच्या अंगावर नसते. किक ड्रम आणि बास एकमेकांत बसले तरच खालचा मजला पक्का होतो. तबला पळाला की आपण तबलजीकडे बघतो, पण गाणाराच घाईत असेल तर तबलजी काय करणार? लय पळते तेव्हा तू काय करतेस? धरून ठेवतेस की त्याच्यामागे पळतेस? हा टोमणा नाही. तपासून बघता येण्यासारखी गोष्ट आहे.

ती अशी तपास. फोनवर नको, एखाद्या साध्या रेकॉर्डरवर प्रॅक्टिस रेकॉर्ड कर. ड्रम, बास आणि गिटार शक्य तितकं वेगळं. मग मेट्रोनोम (ठरलेल्या लयीत टकटक करणारं यंत्र) लावून ऐक. गाणं मिनिटाला १२० ठोक्यांवर सुरू झालं, तर कुठे १२४ झालं आणि ते कोणी केलं? माझा अंदाज असा की गाणं मुखड्याला पोचताना पळत असेल आणि आधी गिटार पळत असेल. तिथे सगळ्यांनाच जोर चढतो. अंदाज चुकला तर चुकला, पण मग तुझ्या हातात 'टाइट नाही' या शब्दाऐवजी काहीतरी ठोस असेल. दुसरं म्हणजे तुमचा गाळा. वर पत्रे, खाली फरशी आणि मध्ये लोखंड. तिथे स्नेअरचा एक ठोका तीनदा ऐकू येत असणार, आणि पावसाळ्यात तर विचारायलाच नको. अशा जागेत सहा वर्षं वाजवून कोणाचाही कान लयीबाबत ढिला पडेल. दोन भिंतींना जुन्या गाद्या आणि गोधड्या टांगा, ड्रमखाली जाड सतरंजी घाला. खर्च जवळपास शून्य. तिसरं, स्टेजवर त्याला ऐकू काय येतं ते विचार. छोट्या जागांमध्ये ड्रमरला स्वतःच्या सिंबल्सशिवाय काही ऐकू येत नाही. इअरफोनमध्ये क्लिक (मेट्रोनोमची टकटक) आणि तुझा बास मिळाला तर निम्मा आजार तिथेच बरा होतो.

आणि चौथं, ज्यासाठी मी तुझं पत्र दोनदा वाचलं. बाबांना झटका आला आणि वर्कशॉप तो बघतो, हे तू एका वाक्यात सांगून पुढे गेलीस. दीड वर्ष दिवसभर लेथवर उभं राहून, जॉबवर्कच्या डिलिव्हऱ्या सांभाळून, बाबांच्या फिजिओथेरपीच्या वेळा बघून तो मुलगा सातनंतर काठ्या हातात घेतो. त्याचं वाजवणं आधीपासून असंच होतं की दीड वर्षात बिघडलं? आधीचं असेल तर प्रश्न हाताचा आहे. दीड वर्षातलं असेल तर झोपेचा आहे. दोन्हींचे उपाय वेगळे.

तुझ्या पत्रात आणखी एक गृहीत आहे. त्याला काहीही करून बँडमध्ये राहायचंच आहे, असं तू धरून चालली आहेस. विचारलंयस का कधी? कदाचित तोही महिनोन्‌महिने हेच मनात घोळवत असेल. 'मला झेपत नाही' म्हणायची लाज आणि 'जागा माझी आहे, मी सोडलं तर यांचं काय' ही काळजी, दोन्ही असू शकतं. डिसेंबरच्या स्लॉटसाठी दुसरा कोणी वाजवू दे, मी वर्षभर थांबतो, असं तो स्वतःहून म्हणू शकतो. किंवा भडकेल आणि रोज पहाटे सरावाचा पॅड घेऊन बसेल. काय होईल ते तुला सांगता येणार नाही, मलाही नाही. ते फक्त तोच सांगू शकतो, आणि अजून त्याला कोणी विचारलेलं नाही.

डिसेंबरला अजून साडेतीन महिने आहेत. सहा आठवडे फक्त तुम्ही दोघं वाजवा, गिटार नको. गाणं ७० वर आणून वाजवा, कारण संथ लयीत काही लपत नाही. क्लिक दोन मात्रा वाजू दे, दोन मात्रा गप्प राहू दे, आणि क्लिक परत येते तेव्हा तुम्ही कुठे आहात ते बघा. कंटाळवाणं आहे. आपल्याकडे याला रियाज म्हणतात आणि त्याचं कौतुक करतात, रॉकमध्ये मात्र त्याचं नाव काढलं की लोक तोंड वाकडं करतात. सहा आठवड्यांनी पुन्हा रेकॉर्ड करा आणि चौघांनी एकत्र ऐका. तेव्हाही जमत नसेल तर ते त्यालाही ऐकू येईल. मग फेस्टिव्हलला बाहेरचा ड्रमर घ्या, त्याला सांगून आणि शक्य तर त्यालाच निवडायला लावून. हे करावं लागलं तर ते पाप नाही. बँड म्हणजे लग्न नाही. वाजवता येत नसेल तर मैत्री हा ड्रम वाजवायचा परवाना होत नाही, हेही तुला स्वच्छ सांगते.

मॅनेजरबद्दल. तो खलनायक आहे असं मी मानत नाही. कदाचित त्याचा कान बरोबरही असेल. पण ड्रमर बदला म्हणणारा आणि नवा ड्रमर देणारा माणूस एकच असेल, तर प्रश्न विचारायला हवेत. त्या ड्रमरला दर कार्यक्रमाला किती पैसे जाणार आणि कोणाच्या वाट्यातून? मॅनेजरचं कमिशन किती? साधारण १५ ते २० टक्के घेतात, पण ते एकूण रकमेवर की खर्च वजा जाता, यात फार फरक पडतो. करार किती वर्षांचा? तुम्ही स्वतः मिळवलेल्या कार्यक्रमांवरही त्याचा हिस्सा का? तो ज्या बँडचं काम बघतो त्यांतल्या दोघांना तरी फोन करा. आणि फेस्टिव्हलचा स्लॉट लेखी दाखवायला सांगा. 'मिळवून देतो' आणि 'मिळाला आहे' यांच्या मधे बरेच बँड विरघळले आहेत.

कंसात जे लिहिलंस त्याकडे येते. रील्सवाल्या गाण्याचे शब्द त्याचे आहेत. कॉपीराइट कायदा, १९५७ प्रमाणे शब्दांचा लेखक तो आणि चालीचा लेखक चाल बांधणारा. रेकॉर्डिंगचा हक्क हा तिसरा, वेगळाच प्रकार, तो ज्याने रेकॉर्डिंग करवून घेतलं त्याचा. २०१२ च्या दुरुस्तीनंतर गीतकार-संगीतकाराला रॉयल्टीतला आपला वाटा सोडून देतो असं लिहूनही देता येत नाही, अपवाद फक्त वारस आणि कॉपीराइट सोसायटीचा. म्हणजे तो बँडमध्ये असो नसो, त्या गाण्याच्या शब्दांचे पैसे त्याचे आहेत. उद्या मॅनेजर सगळे हक्क कंपनीच्या नावाने मागेल, तेव्हा हे कोणाच्या लक्षात नसेल तर भांडण कोर्टात जाईल. गाणी करणाऱ्या प्रत्येक बँडने गाण्यागणिक एक पानभर कागद करावा : शब्द कोणाचे, चाल कोणाची, किती टक्के, सह्या. आत्ता, चार जण एकमेकांशी बोलत असताना. भांडण झाल्यावर प्रत्येकाला आपणच चाल गुणगुणल्याचं आठवतं. शब्द-चाल करणाऱ्यांनी आयपीआरएसचं (गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणारी संस्था) सदस्यत्व घ्यावं. बँडच्या नावाचाही विचार करा. ट्रेडमार्क अर्ज ४१ व्या वर्गात होतो, आणि तो चौघांच्या वतीने व्हायला हवा, ज्याचा ईमेल आयडी आहे त्याच्या नावाने नको. तुमची गाणी अपलोड करायचं खातं कोणाच्या ईमेलवर आहे? गायकाच्या, हो ना?

पैशांचा गुंता अजून झालेला नाही, कारण पैसेच आलेले नाहीत. स्पॉटिफायवर २०२४ पासून एखाद्या गाण्याला आधीच्या बारा महिन्यांत निदान १००० स्ट्रीम नसतील तर त्याचं काहीच मिळत नाही, आणि रील्स म्हणजे स्ट्रीम नव्हेत. म्हणून हिशोब लिहायला हीच वेळ बरी.

हिशोबावरून आठवलं. आठवड्यातून दोनदा, दर वेळी तीन तास, सहा वर्षं. साधारण १८०० तास. तासाला ४०० रुपये धरले तरी सात लाख वीस हजार होतात. एवढं भाडं त्या मुलाच्या वडिलांनी सोडलेलं आहे आणि वीजबिल वेगळं. जागेच्या बदल्यात ड्रमरची खुर्ची, असा याचा अर्थ नाही. पण तो गेला तर जागाही जाते आणि ड्रमकिटही. ठाण्यात घोडबंदरच्या एखाद्या कॅफेत गिटार आणि कहॉन (बसून वाजवायचा खोका) चालतो, पूर्ण ड्रमकिट म्हटलं की मालक वरच्या मजल्याकडे बघतो. रात्री दहानंतर तर उघड्यावर नियमानेच लाउडस्पीकर बंद. ओरिजिनल गाण्यांसाठी तुम्हाला खार आणि लोअर परळ गाठावं लागतं आणि शेवटच्या लोकलवर डोळा ठेवून एन्कोअर आवरावा लागतो. अशा शहरात गाळ्यातला तो कोपरा तुमचं सगळ्यात मोठं भांडवल आहे, आणि तुमच्यापैकी कोणी ते कधी मोजलेलं दिसत नाही. तो राहो किंवा न राहो, पुढच्या महिन्यापासून भाडं द्यायला लागा. त्याच्या बाबांच्या औषधांना उपयोगी पडेल.

हिंदीच्या अटीबद्दल तू एक ओळ लिहिलीस, मीही तेवढंच लिहिते. रील्स मराठी गाण्यावर झाली, ही गोष्ट मॅनेजरला एकदा आठवण करून द्या. बाकी हिंदीत गाणं सुचलं तर जरूर करा.

बोलायचं कसं, ते आता. व्हॉट्सअ‍ॅपवर नको. तलावपाळीवर भेळ खाता खाताही नको, तिथे निम्मा नौपाडा भेटतो. बँडचं बोलणं तिघांनी मिळून, पण त्याआधी एकदा तू एकटीने जा. बँडमधून काढायला नाही, तीन आठवड्यांचं सांगायला. 'एका मॅनेजरचा फोन आला होता. तो तुझ्या वाजवण्याबद्दल बोलला. आम्ही तुझ्या पाठीमागे त्यावर बोललो आणि मी तुला सांगितलं नाही, ते चुकलं.' या क्रमाने. 'वाईट वाटून घेऊ नकोस' असं म्हणू नकोस, ते त्याचं त्याला ठरवू दे. तो चिडेल, किंवा गप्प बसेल आणि मशीन पुसत राहील. बसू दे. लगेच गोड बोलून ती शांतता भरून काढू नकोस. मग विचार, 'तुला काय वाटतं? तुला वाजवायचंय का अजून?'

वर्कशॉप सातला बंद होतं म्हणालीस. साडेसातला जा. प्रॅक्टिसचा वार नसलेला दिवस बघ, आणि बास घेऊन जा. अँप तिथेच असेल.

तुझी,
ताई